हुकूमनामा मिळाला, पैसे राहिले

(स्मृती व्याख्यानमालेत कराड येथे दिलेल्या व्याख्यानाचा मजकूर)



संयोजकांनी फोनवर विषय विचारला तेव्हा मी 'हातउसने पैसे आणि दिवाणी कोर्ट' असं सांगितलं. जरा वेळ ते काही बोलले नाहीत. मग म्हणाले, "पत्रिकेत 'आर्थिक साक्षरता' छापलं तर चालेल का?" मी म्हटलं, हातउसनेच छापा. ज्या गुरुजींच्या स्मरणार्थ ही व्याख्यानमाला चालते त्यांनी हयातभर पोरांना जमाखर्च शिकवला. त्यांना हा विषय हलका वाटला नसता. सभागृह भरलेलं बघून वाटतं, तुम्हालाही वाटलेला नाही.

बँकेचं कर्ज आज माझ्यासमोर नाही. बँकेकडे कागद असतात, वसुली अधिकारी असतो, स्वतंत्र कायदे असतात. मी बोलणार आहे ते निवृत्त मास्तर, एसटीतून रिटायर झालेला कंडक्टर, सोनं-चांदी गाळायच्या, गलाईच्या धंद्यात परमुलखात चार पैसे गाठीला बांधून विट्याला परतलेला माणूस, यांच्याबद्दल. यांच्याकडे एकदाच एकरकमी पैसा येतो, आणि तो आल्याची बातमी त्याच्याही आधी भावकीत पोचते. मग कुणाच्या मुलीचं लग्न निघतं, कुणाची द्राक्षबाग गारपिटीत बसलेली असते, कुणाचा बाप मिरजेच्या दवाखान्यात असतो. कारणं खोटी नसतात. माणूसही बहुतेक वेळा खोटा नसतो. तीन लाख, चार लाख दिले जातात. "बेदाणा सौद्यात गेला की देतो", "कारखान्याचं बिल जमा झालं की पहिलं तुमचं." लिहून कोण घेणार? समोर मेहुणा बसलेला असतो नाहीतर वर्गमित्र.

पहिलं वर्ष विचारायची लाज वाटण्यात जातं. दुसऱ्या वर्षी विचारलं की घेणारा रुसतो. तिसऱ्या वर्षी तो फोन उचलत नाही. मग देणारा पोलीस ठाण्यात जातो, आणि काही दिवसांनी त्याला छापील उत्तर मिळतं : सदरची बाब दिवाणी स्वरूपाची असल्याने सक्षम न्यायालयात दाद मागावी. पोलिसांचं हे उत्तर बहुतेक वेळा बरोबर असतं. घेतानाच बुडवायचा इरादा होता हे दाखवता आलं तरच फसवणुकीचा गुन्हा होतो. नुसतं न फेडणं हा गुन्हा नाही. ते उत्तर खिशात घालून गृहस्थ वकिलाकडे येतो तेव्हा चौथं वर्ष लागलेलं असतं. इतकी वर्षं वकिली करून मी एक गोष्ट सांगू शकतो. असे दावे कोर्टात हरत नाहीत. दिवाणखान्यात, पैसे मोजून दिले त्या संध्याकाळीच ते हरलेले असतात.

या माणसाला कोर्टाचा राग येतो, कारण त्याला वाटतं, पैसे माझे गेले आणि संशय माझ्यावरच घेतला जातोय. हा संशय कुठून आला ते आधी सांगतो. तो आपल्याच भागातून आला आहे.

पेशवाईत देणं वसूल करायची रीत घरगुती होती. धनको ऋणकोच्या दारात जाऊन बसे, आपला माणूस बसवी, येण्याजाण्याची वाट अडवी, उपाशी बसून त्यालाही उपाशी ठेवी. इंग्रज अधिकारी एलफिन्स्टनने १८१९ च्या अहवालात या तकाज्याची दखल घेतली आहे. इंग्रजी अमलात त्या जागी दिवाणी कोर्ट आलं, आणि दारात बसून दैवी कोपाची भीती घालणं १८६० च्या दंडसंहितेत गुन्हा ठरलं. ऐकायला ही सुधारणा वाटते. पण कोर्ट कागदावर चालायचं, आणि कागद सावकाराकडे असायचा. १८५९ च्या मुदतीच्या कायद्याने साध्या रोख्याची मुदत तीन वर्षांवर आणली. हेतू चांगला होता, पण सावकार दर तीन वर्षांनी व्याज मुद्दलात घालून नवा रोखा करून घेऊ लागले. कुणबी अंगठा द्यायचा. समन्स निघालं तरी तो कोर्टात जायचा नाही. गेला तरी काय बोलायचं हे त्याला ठाऊक नसायचं. एकतर्फी हुकूमनाम्यांचा ढीग पडला. १२ मे १८७५ ला सुप्याच्या बाजारात दंगल झाली आणि पुणे-नगर जिल्ह्यांत तिचं लोण पसरलं. लोकांनी घरं फोडली ती मुख्यतः रोख्यांसाठी. माणसं मारण्यापेक्षा कागद जाळण्यावर त्यांचा भर होता. महात्मा फुल्यांनी 'शेतकऱ्याचा असूड' लिहिला तो यानंतर काही वर्षांतच, आणि त्यांचं मूळ गाव खटाव तालुक्यातलं कटगुण.

त्या दंगलीतून १८७९ चा दख्खन शेतकरी साहाय्य कायदा आला. तो प्रथम चारच जिल्ह्यांना लागू झाला : पुणे, सातारा, सोलापूर, नगर. त्या वेळचा सातारा जिल्हा आजच्यापेक्षा बराच मोठा होता. वाळवा, तासगाव, खानापूर हे तालुके त्यातच होते. १९४९ मध्ये दक्षिण सातारा वेगळा निघाला आणि १९६० मध्ये त्याचं नाव सांगली झालं. पटवर्धनांची सांगली, मिरज ही संस्थानं मात्र तेव्हा या कायद्याच्या बाहेर होती. म्हणजे आज इथे बसलेल्या अनेकांचे खापरपणजोबा या कायद्याचे पहिले लाभार्थी.

या कायद्याने न्यायाधीशाला रोख्याच्या मागे जायला सांगितलं. कागदावर ५०० रुपये लिहिलेत म्हणून ५०० चा हुकूमनामा द्यायचा नाही. मुळात किती दिले, व्याज किती चढवलं, फेड किती झाली, सगळा इतिहास उकरायचा. शेतकऱ्याला पैशाच्या हुकूमनाम्यासाठी तुरुंगात टाकायचं नाही. खास तारण नसलेली जमीन विकायची नाही. दस्त गावच्या निबंधकासमोर करायचा, पैसे मिळाले की पावती द्यायची, हिशेब द्यायचा. हे नीट चालतंय का ते पाहायला पुणे आणि सातारा जिल्ह्यांतल्या कोर्टांच्या तपासणीवर १८८१ मध्ये नेमणूक झाली ती न्यायमूर्ती महादेव गोविंद रानडे यांची. रानड्यांचं अर्थशास्त्र आपण वाचतो. पण त्या अर्थशास्त्रामागे खालच्या कोर्टांत तपासलेली अशी दप्तरं आहेत, हे आपण विसरतो.

तो कायदा आज नाही, त्याचा स्वभाव शिल्लक आहे. पैसे मागायला आलेल्या माणसाकडे आपलं दिवाणी कोर्ट आजही डोळे बारीक करून बघतं, आणि मला ते योग्यच वाटतं. अडचण एवढीच की आजचा हातउसने देणारा सावकार नसतो, तरी त्याला उभं राहावं लागतं सावकाराच्या जागी. कागदाच्या बाबतीत तो सावकाराच्या पासंगालाही पुरत नाही.

कागदाचं सांगतो. "स्टॅम्पवर लिहून घेतलंय, नोटरी केलीय" हे मी हजारदा ऐकलंय, जणू स्टॅम्पपेपर ही लोखंडी तिजोरी आहे. स्टॅम्पपेपर किती रुपयांचा यावर पैसे परत मिळणं अवलंबून नसतं. कुणी, कुणाला, किती, कोणत्या तारखेला, कशासाठी, रोख की बँकेतून, आणि परत कधी, एवढं ज्या कागदावर आहे आणि ज्याच्या खाली घेणाऱ्याची सही आहे तो कागद चांगला. प्रॉमिसरी नोट करणार असाल तर रेव्हेन्यू तिकीट लावून त्यावर आडवी सही घ्या. इतर बऱ्याच दस्तांना कमी पडलेलं मुद्रांक शुल्क दंडासह भरून ते पुराव्यात घेता येतात. बिनतिकिटाच्या प्रॉमिसरी नोटेला ती सवलत नाही. एक रुपयाचं तिकीट विसरल्यामुळे चार लाखांची नोट पुराव्यातून बाद होते, आणि मग नोट बाजूला ठेवून मूळ व्यवहार शाबीत करायची दुसरी, अवघड वाट शोधावी लागते. दोन साक्षीदार कायद्याने लागत नाहीत, पण असू द्यावेत. साक्षीदार तरुण असावेत, हे मी गमतीने म्हणत नाही.

मुदत तीन वर्षांची. परतफेडीची तारीख लेखी ठरलेली नसेल तर हे घड्याळ पैसे दिले त्या दिवसापासून सुरू होतं, मागितले त्या दिवसापासून नाही. हे शिकल्यासवरलेल्यांनाही खरं वाटत नाही. १० नोव्हेंबर २०२२ ला दिलेल्या पैशांचा दावा १० नोव्हेंबर २०२५ पर्यंत दाखल व्हायला हवा. त्या दिवशी कोर्टाला सुट्टी असेल तर कोर्ट उघडेल त्या दिवशी. त्यानंतर नाही. अपिलाला उशीर झाला तर कारण सांगून माफी मागता येते; दाव्याला ती सोय नाही. "पुढच्या हंगामात देतो" असा तोंडी वायदा दहा वेळा झाला तरी मुदत एका दिवसाने पुढे सरकत नाही. ती सरकते लेखी आणि सहीच्या कबुलीने, किंवा काही रक्कम भरली आणि त्याची त्याच्या सहीची नोंद राहिली तर. तेही मूळ तीन वर्षं संपण्याआधी. म्हणून मी पक्षकारांना सांगतो, समोरचा पाच हजार द्यायला तयार असेल तर "सगळे एकदम दे" असा ताठा धरू नका. पाच हजार चेकने घ्या. तो चेक तुम्हाला आणखी तीन वर्षं देतो. मुदत संपून गेली असेल तरी एक दार किलकिलं राहतं : मुदतबाह्य देणं फेडण्याचं नव्याने लेखी वचन दिलं तर करार कायदा ते मानतो. पण तीन वर्षं फोन न उचलणारा माणूस असं वचन लिहून देईल, याची आशा मी तरी धरत नाही.

व्हॉट्सअ‍ॅपचं विचारतात. "दादा, थोडं थांबा, तुमचे पैसे बुडवणार नाही" असा मेसेज असेल तर तो जपा, फोन विकू नका. नव्या साक्ष कायद्याच्या कलम ६३ चं प्रमाणपत्र जोडून तो पुराव्यात येतो. व्यवहार झाला होता हे दाखवायला तो उपयोगी आहे. पण मुदत वाढवण्यासाठी केवळ त्याच्यावर विसंबू नका. सहीचा वाद उभा राहिला की प्रकरण लांबतं.

आता रोखीचा प्रश्न. वीस हजार किंवा त्याहून जास्त रक्कम रोखीने उसनी देता-घेता येत नाही, असा आयकर कायद्याचा नियम आहे. त्यामुळे रोखीने दिलेले चार लाख मुळातच बेकायदा, ते परत मागताच येणार नाहीत, असा बचाव सर्रास घेतला जायचा. गोव्यातून सर्वोच्च न्यायालयात गेलेल्या एका चेकच्या खटल्यात सप्टेंबर २०२५ मध्ये यावर स्पष्ट निर्णय झाला. मित्राने मित्राला सहा लाख बिनव्याजी दिले होते, चेक वटला नव्हता. घेणाऱ्याचं म्हणणं असं की, मित्राला बँकेचं कर्ज मिळावं म्हणून मी त्याला सही केलेला कोरा चेक दिला होता. न्यायालयाने ही कहाणी फेटाळली, आणि रोखीचा नियम मोडला तर आयकर खात्याचा दंड होईल, पण त्यामुळे देणं बुडत नाही, असं सांगितलं. दिलासा आहे खरा. तरी रोखीने देऊ नका, कारण रोखीची खरी किंमत उलटतपासात मोजावी लागते.

एका निवृत्त मास्तरांचा उलटतपास माझ्या डोळ्यांसमोर आहे. नावं-गावं सोडून देतो. "त्या वर्षी तुमची पेन्शन किती होती?" एकतीस हजार. "मग साडेचार लाख रोख घरात कुठून आले?" ग्रॅच्युइटीचे होते. "बँकेतून कधी काढले?" तीन-चार वेळा, जसे लागतील तसे. "त्याचं पासबुक दाखल केलंय?" मास्तरांनी माझ्याकडे पाहिलं. पासबुक घरी होतं, पण त्यातल्या पैसे काढल्याच्या नोंदी होत्या दीड वर्ष आधीच्या. "म्हणजे दीड वर्ष तुम्ही साडेचार लाख रुपये घरात ठेवून बसला होतात?" मास्तर म्हणाले, "पत्र्याच्या पेटीत होते साहेब." कोर्टात कुणीतरी हसलं. मास्तर खरं बोलत होते. न्यायाधीशांनी टंकलेखकाला सांगितलं, लिहा, साक्षीदार म्हणतो रक्कम पत्र्याच्या पेटीत होती. त्या एका ओळीने दाव्याचं किती नुकसान झालं ते निकालपत्र वाचताना कळलं.

चेक घेतलेला असेल तर प्रकरण जरा वेगळं. चेकचं आयुष्य तीन महिने. तो परत आला की बँकेचा मेमो मिळाल्यापासून तीस दिवसांत नोटीस. नोटीस पोचल्यावर पंधरा दिवस वाट पाहायची. त्यानंतर एक महिन्यात फौजदारी तक्रार. यात दोन फायदे आहेत. सही मान्य झाली की चेक देण्यापोटीच दिला असं कोर्ट गृहीत धरतं, तो तसा नव्हता हे दाखवायची जबाबदारी समोरच्यावर. आणि २०१५ च्या दुरुस्तीनंतर तुमचं खातं ज्या शाखेत आहे तिथल्या कोर्टात तक्रार चालते. कराडच्या माणसाला विट्याला खेटे घालावे लागत नाहीत. दिवाणी दावा मात्र प्रतिवादी राहतो तिथे, किंवा व्यवहार पूर्णतः वा अंशतः जिथे घडला तिथे. इस्लामपूरच्या माणसाला कराडच्या खात्यातून पैसे पाठवले असतील तर कराडला दावा लावायला आधार आहे. इस्लामपुरात त्याच्या ओट्यावर मोजून दिले असतील तर इस्लामपूरच. लेखी करार, प्रॉमिसरी नोट किंवा चेक हातात असेल तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ३७ व्या आदेशाखाली झटपट दावाही लावता येतो. त्यात प्रतिवादीने दहा दिवसांत हजर व्हायचं, आणि बचाव करायला आधी कोर्टाची परवानगी मागायची. नाव झटपट असलं तरी परवानगी एकदा मिळाली की गाडी नेहमीच्या रुळावर येते.

आणखी एक बचाव हमखास येतो : "वादी विनापरवाना सावकारी करतो." महाराष्ट्राच्या २०१४ च्या सावकारी नियमन कायद्याप्रमाणे परवाना नसलेल्या सावकाराला कोर्ट हुकूमनामा देत नाही, आणि अशी सावकारी करणं हा पाच वर्षांपर्यंत कैदेचा गुन्हा आहे. ओळखीच्या माणसाला एखाददुसऱ्या वेळी दिलेली मदत म्हणजे सावकारीचा धंदा नव्हे, असं न्यायालयांनी वेळोवेळी म्हटलंय. त्यातून रक्कम बिनव्याजी असेल तर प्रश्न आणखी सोपा. पण आपल्याकडे काही सज्जन "हातउसने" म्हणून देतात आणि दर महिन्याला तीन टक्के मोजून घेतात. महिन्याला तीन म्हणजे वर्षाला छत्तीस. असे पाच जणांना दिलेले असतील, तर माझ्याकडे येऊन "मी काय सावकार आहे का?" असं विचारू नका. उत्तर तुम्हाला आवडणार नाही. कोर्ट हुकूमनाम्यानंतरचं व्याज साध्या, बिगरव्यापारी व्यवहारात वर्षाला सहा टक्क्यांपर्यंतच देतं, हेही माहीत असू द्या.

समजा, सगळं जमलं. दावा मुदतीत, कागद चांगला, साक्ष टिकली. हुकूमनामा झाला. गृहस्थ पेढे घेऊन येतो. मी पेढा घेतो आणि सांगतो, आता दरखास्त दाखल करू.

हा क्षण फार वाईट असतो. हुकूमनामा म्हणजे पैसे मिळण्याचा हक्क; पैसे मिळवायचे तर त्याच कोर्टात दरखास्तीच्या रूपाने दुसरी फेरी सुरू होते. त्यासाठी बारा वर्षांची मुदत आहे, आणि काहींना ती पुरते. सर्वोच्च न्यायालयाने २०२१ मध्ये सांगितलं की दरखास्त सहा महिन्यांत निकाली काढा. २०२५ मध्ये त्याच न्यायालयाने देशभरातून आकडे मागवले, तेव्हा साडेआठ लाखांहून जास्त दरखास्ती पडून असल्याचं निघालं. त्यांत तीन लाखांवर एकट्या महाराष्ट्रातल्या. न्यायमूर्तींनी या आकड्यांबद्दल तीव्र नाराजी नोंदवली. ज्यांची दरखास्त त्या लाखांत आहे त्यांना त्यात नवल वाटलं नसेल.

जंगम जप्तीचं वॉरंट निघालं की बेलीफ, पंच आणि हुकूमनामाधारक असे तिघे-चौघे गावी जातात. माल दाखवून द्यायची जबाबदारी हुकूमनामाधारकाची. वाळवा तालुक्यातल्या एका जप्तीचं सांगतो. दारात ट्रॅक्टर, तो मुलाच्या नावावर. मोटरसायकल बायकोच्या नावावर. गोठ्यात बैलजोडी, शेतीची जनावरं आणि अवजारं जप्त करता येत नाहीत. घरात भांडी, अंथरूण, अंगावरचे कपडे, तेही नाही. बाईच्या गळ्यातलं मंगळसूत्र, अर्थातच नाही. टीव्ही होता, जुना. ऋणकोने सगळ्यांना बसायला घोंगडी टाकली, चहा केला, हुकूमनामाधारकाला "साखर चालते ना हो आता?" असं विचारलं. चहा पिऊन पंचनामा झाला : जप्तीयोग्य मालमत्ता मिळून आली नाही. परतीच्या एसटीत आमचे गृहस्थ एवढंच म्हणाले, "चहा चांगला होता."

मग काय करायचं? घरातल्या भांड्यांमागे लागायचं नाही. त्याचं येणं शोधायचं. आपल्या भागात हे जमतं. ऊस सह्याद्रीला, कृष्णेला किंवा राजारामबापूला गेला असेल तर कारखान्याकडून त्याला बिल येणार असतं. ते येणं जप्त करून रक्कम कोर्टात भरायचा हुकूम कारखान्याला करता येतो. मात्र सोसायटीची वसुली त्यातून होते, हे धरून चाला. नोकरदार असेल तर पगाराचा पहिला एक हजार आणि उरलेल्याचे दोन तृतीयांश सोडून बाकीचा भाग जप्त होतो, तोही एका हुकूमनाम्यापोटी जास्तीत जास्त चोवीस महिने. जमीन असेल तर जप्तीची नोंद सातबाऱ्याच्या इतर हक्कात लागली की पुढच्या पीककर्जाच्या वेळी तो स्वतःहून फोन करतो. माझ्या अनुभवात सगळ्यात जास्त पैसे या एका ओळीने वसूल झालेत. मालमत्ता कुठे आहे ते माहीतच नसेल तर त्याला ती शपथपत्रावर जाहीर करायला लावता येतं. हुकूम मोडला तर कोठडीची तरतूद आहे. टाळाटाळ करणाऱ्याला समन्स पोचत नाही म्हणून रडायचे दिवसही थोडे मागे पडलेत. २०१८ मध्ये मुंबई उच्च न्यायालयात न्यायमूर्ती गौतम पटेल यांनी दरखास्तीची नोटीस व्हॉट्सअ‍ॅपवर पाठवलेली आणि उघडून वाचलेली, निळ्या खुणा उमटलेली, म्हणून बजावलेली धरली.

"त्याला आत टाका" असं सगळेच म्हणतात. टाकता येतं, पण तो देऊ शकतो आणि तरी देत नाही हे तुम्हाला दाखवावं लागतं. १९८० मध्ये न्यायमूर्ती कृष्णा अय्यर यांनी बँक ऑफ कोचीनच्या प्रकरणात हे पक्कं केलं : गरीब असणं हा अपराध नाही, केवळ देणं थकलं म्हणून माणसाला तुरुंगात घालता येणार नाही. बाईला तर पैशाच्या हुकूमनाम्यासाठी अटकच नाही. आणि ज्याला आत ठेवाल त्याच्या जेवणाचा भत्ता तुम्हाला भरावा लागतो. हे सांगितलं की बहुतेकांचा राग निम्म्यावर येतो. शंभर वर्षांपूर्वी ज्याच्या घरावर सावकार चालून जात असे त्याच घराचं रक्षण करायला हे नियम उभे राहिले. आज त्याच नियमांआड ट्रॅक्टरवाला चहा पाजतो. म्हणून ते मोडून टाकावेत असं मला वाटत नाही. ट्रॅक्टर नसलेली घरंही पुष्कळ आहेत.

बाप वारला तर? गावात अजून सांगतात, बापाचं देणं पोरगा फेडेल. पूर्वी तसा धर्म मानला जायचा आणि हिंदू कायदाही काही अंशी तो मानायचा. २००५ च्या दुरुस्तीने त्यानंतरच्या देण्यांपुरती ती जबाबदारी काढून टाकली. वारसांना बापाकडून जेवढं आलं तेवढ्यापुरतंच ते बांधील. दावा चालू असताना प्रतिवादी गेला तर वारस वेळेत दाखल करा, एवढं ध्यानात ठेवा.

काहींना या सगळ्याचा कंटाळा येतो आणि ते आडवाट धरतात. १९४२ नंतर या जिल्ह्यात प्रतिसरकारची न्यायदान मंडळं गावोगाव तंटे मिटवत होती, त्या आठवणी अजून जिवंत आहेत, आणि त्यांचा हवाला देऊन वसुलीला चार पोरं पाठवणारेही मी पाहिलेत. प्रतिसरकारच्या मागे स्वातंत्र्याची लढाई होती. तुमच्या चार पोरांच्या मागे खंडणीच्या गुन्ह्याचा कागद असतो, आणि त्या दिवशी बुडव्या फिर्यादी होतो आणि तुम्ही आरोपी.

त्यापेक्षा लोकअदालतीत बसा. तिथला निवाडा हुकूमनाम्याच्या बरोबरीचा, त्यावर अपील नाही, कोर्ट फीही परत मिळते. चार लाखांतले साडेतीन हप्त्यांनी आले तर ते घ्यावेत, असं माझं मत आहे. व्याजावर पाणी सोडावं लागलं तरी. हप्ते ठरवताना एक हप्ता चुकला की सगळी रक्कम एकदम देय, अशी ओळ मात्र घालून घ्या. आणि वरच्या कोर्टात जायची वेळ आलीच तर आता मुंबई गाठायला नको. १८ ऑगस्ट २०२५ पासून उच्च न्यायालयाचं कोल्हापूरचं सर्किट बेंच सुरू झालंय, सातारा आणि सांगली दोन्ही जिल्हे त्यात आहेत.

पैसे देऊ नका, असं माझं म्हणणं नाही. दवाखान्यातल्या बापासाठी आलेल्या माणसाला हाकलून देणारा समाज मला नको. द्या, पण बँकेतून द्या, परतीची तारीख घाला आणि सही घ्या. सही मागितल्यावर जो मेहुणा रुसतो तो तीन वर्षांनी रुसणारच होता. आत्ताच रुसला तर चार लाख वाचले. आणि घेणाऱ्यांनाही सांगतो, इथे तेही बसलेत, मला काही चेहरे दिसताहेत : कुणी सही मागितली तर अपमान मानू नका, उलट फेडलेल्या प्रत्येक रकमेची पावती मागून घ्या. १८७९ च्या कायद्याने तुमच्या खापरपणजोबांना हाच हक्क दिला होता.

आता घरी जा आणि कपाटातली ती पावती, ती डायरी, तो चेक बाहेर काढा. त्यावरची तारीख वाचा. तीन वर्षं भरायला महिना-दोन महिने उरले असतील तर उद्याच वकिलाकडे जा, आणि जाताना पासबुकाची झेरॉक्स न्यायला विसरू नका.